सनद आणि पंचेचाळीस गुण

उल्हासनगरात ‘सनद’ या शब्दाला दोन अर्थ आहेत. जुन्या माणसाला आधी आठवते ती जागेची सनद. फाळणीनंतर सिंधमधून आलेली कुटुंबं कल्याण कॅम्पच्या लष्करी बरॅकींत राहिली. ८ ऑगस्ट १९४९ रोजी त्या छावणीचं उल्हासनगर झालं, आणि ज्या खोलीत संसार मांडला तिचा कागद मिळावा म्हणून लोकांनी पुढे वर्षानुवर्षं कचेऱ्यांचे उंबरठे झिजवले. दुसरी सनद वकिलीची. तीही कागदच, आणि तिच्यासाठीचे उंबरठेही कमी नाहीत.

३० नोव्हेंबर २०२५, रविवार. वकिली करत राहण्यासाठी पास व्हावी लागणाऱ्या अखिल भारतीय बार परीक्षेची विसावी फेरी त्या दिवशी झाली. आमच्या इमारतीतल्या वहिनी मुंबईतल्या केंद्रावर परीक्षा देऊन अंधार पडल्यावर शहाड स्टेशनला उतरल्या. वय ४१. परीक्षेची ही त्यांची दुसरी खेप. तळमजल्यावरचे वकीलकाका १९८४ पासून कल्याण कोर्टात वकिली करतात. दोघेही माझ्याकडे चहाला बसले, आणि चहा दोनदा गरम करावा लागला इतकं बोलणं लांबलं. दोघांच्या परवानगीने ते इथे मांडतो आहे. नावं त्यांच्याच सांगण्यावरून गाळली आहेत.

वकीलकाका : कसा होता पेपर?

वहिनी : बरा होता. गेल्या वेळेपेक्षा बरा. पण काका, निकाल लागेपर्यंत बरा म्हणायची हिंमत होत नाही.

वकीलकाका : तुला वाईट वाटेल, तरी बोलतो. ह्या परीक्षेत नापास होणं मला समजतच नाही. शंभर प्रश्न, प्रत्येकाला चार पर्याय. चुकलं तर गुण कापत नाहीत. डोळे मिटून गोल काळे केले तरी सरासरी पंचवीस पडतात. बेअर ॲक्ट, म्हणजे टिपणांशिवायचा कायद्याचा मजकूर, समोर उघडा ठेवायची मुभा. आणि पास व्हायला हवेत पंचेचाळीस, अनुसूचित जाती-जमातींना आणि अपंगांना चाळीस. म्हणजे अक्कल वापरून मिळवायचे ते वीसच. तरी २०२३ च्या अठराव्या परीक्षेत निम्म्याहून कमी पोरं पास झाली. ही माणसं उद्या कोणाच्या तरी जामिनासाठी उभी राहणार!

वहिनी : अठराव्या वेळी ती रेघ चाळीसवरून पंचेचाळीसवर नेली, हेही सांगा ना. मी एकोणिसावीला बसले, २२ डिसेंबर २०२४ ला. नापास झाले. उत्तरतालिकेशी ताडून पाहिलं तर चाळिशी ओलांडली होती, पंचेचाळिशी नाही. रेघ हलण्याआधीची सतरावी दिली असती तर आज तुमच्यासमोर पास झालेली बाई बसली असती. माझं कायद्याचं ज्ञान तेवढंच, रेघ हलली. मग निकालाच्या टक्क्यावरून तुम्ही माझ्याबद्दल काय ठरवणार?

वकीलकाका : रेघ वर गेली ते चांगलंच झालं. मी तर साठावर नेईन.

वहिनी : तुम्ही दिली होती का हो ही परीक्षा?

काका हसतील असं मला वाटलं होतं. ते हसले नाहीत. कप बशीत ठेवला आणि जे सांगितलं ते मी त्यांच्या तोंडून इतक्या वर्षांत ऐकलं नव्हतं.

वकीलकाका : नाही दिली. आमच्या वेळी कोणीच दिली नाही. एलएल.बी. झालो, अर्ज भरला, सनद मिळाली, काळा कोट चढवला. दुसऱ्याच वर्षी भाडेकरूचं एक मॅटर माझ्याकडे होतं. खालच्या कोर्टात हुकूम विरोधात गेला. अपील जिल्हा न्यायालयात करायचं होतं. मुदत तीस दिवसांची. माझ्या डोक्यात नव्वद दिवस बसले होते, ते हायकोर्टातल्या अपिलाचे. मी निवांत. त्रेचाळिसाव्या दिवशी चूक कळली. विलंब माफ करा म्हणून अर्ज केला. तो मंजूर व्हायला पाच महिने गेले, आणि तेवढ्यात त्या कुटुंबाचं सामान रस्त्यावर आलं. सहा माणसं होती. म्हातारीचा पाट अजून डोळ्यांसमोर आहे, त्याच्यावर ती बसून राहिली होती. म्हणून म्हणतो, परीक्षा हवी. काळा कोट सगळ्यांचा सारखाच दिसतो. आतला माणूस तयार आहे की नाही हे अशिलाला कसं कळणार? ते कोणीतरी आधी बघायला नको?

वहिनींनी थोडा वेळ जाऊ दिला.

वहिनी : काका, त्या वर्षी मुदतीच्या कायद्यावरचा प्रश्न चार पर्यायांसकट तुमच्यापुढे आला असता, तर तुमचं उत्तर बरोबर आलं असतं. बेअर ॲक्ट उघडून दोन मिनिटांत शोधलं असतंत. तुम्हाला कायदा येत नव्हता असं नाही. फाईल हातात असताना ‘साहेब, दिवस किती धरायचे?’ असं विचारायला शेजारी कोणी नव्हतं.

वकीलकाका : (बऱ्याच वेळाने) सीनिअर त्या आठवड्यात नागपूरला होते.

मला वाटतं, त्या संध्याकाळचा सगळा वाद ह्या एका वाक्याभोवती फिरला. पुढे दोघे बोलत राहिले, भांडलेही, पण इथून पुढे त्यांचं भांडण एकमेकांशी कमी होतं.

वहिनी : माझी तयारी कशी झाली ते ऐका. पदवीची तीन वर्षं मी भारतीय दंड संहिता शिकले. खून ३०२, फसवणूक ४२०. १ जुलै २०२४ पासून न्याय संहिता आली. खून १०३, फसवणूक ३१८. कॉलेजात जे पाठ केलं ते परीक्षेला बसेपर्यंत जुनं झालं.

वकीलकाका : ते आम्हालाही चुकलेलं नाही. जुन्या फौजदारी प्रक्रिया संहितेत ४८२ म्हणजे हायकोर्टाचे अंगभूत अधिकार. नव्यात ४८२ म्हणजे अटकपूर्व जामीन, आणि अंगभूत अधिकार ५२८ ला गेले. बार रूममध्ये चाळीस-चाळीस वर्षांचे वकील एकमेकांना विचारतात, नवं सांगतोयस की जुनं?

वहिनी : तुम्हाला विचारायला बार रूम आहे. मला कल्याणहून सुटलेली लोकल होती. मी परीक्षा मराठीतून दिली. मराठीची सोय आहे, चांगलंच आहे. पण प्रश्नातला मराठी शब्द वाचायचा, त्याचा अर्थ लागेना म्हणून इंग्रजी कलम उघडायचं, मग पुन्हा मराठी पर्यायांवर यायचं. ‘दखलपात्र’ कळतं, पोलीस ठाण्यात रोज ऐकतो. बाकीचे शब्द कोणाच्या तोंडात नाहीत. इंग्रजीतून शिकलेल्या मुलाला एका प्रश्नाला जेवढा वेळ लागतो त्याच्या दीडपट मला लागतो. निकालात हे कुठे दिसतं?

वकीलकाका : आमच्या खालच्या कोर्टात मराठीच चालतं. तेव्हा मराठीतून विचार करणारा वकील इथे कमी पडत नाही, उलट जास्त उपयोगी. हे मात्र मी मान्य करतो.

वहिनी : आणि खर्च. नोकरी चालू ठेवून सनद घेता येत नाही, पूर्ण वेळ पगारी माणसाला वकिली करायची मनाई आहे. म्हणून अंबरनाथच्या एमआयडीसीतली हिशेबाची नोकरी सोडली. नोंदणीला भरपूर पैसे भरले. मग ३० जुलै २०२४ ला सुप्रीम कोर्टाने सांगितलं की कायद्यात लिहिलंय तेवढंच घ्या. साधारण उमेदवाराकडून ७५० रुपये, अनुसूचित जाती-जमातींकडून १२५. ओडिशात तर ४२,१०० घेत होते! पण निकाल पुढच्या काळापुरता, आधी घेतलेले परत द्यायचे नाहीत. मी फेब्रुवारीत नोंदणी केली होती. पाच महिन्यांनी चुकले. त्यावर परीक्षेची फी ३,५०० रुपये, नापास झालं की पुन्हा ३,५००.

वकीलकाका : पण परीक्षा किती वेळा द्यावी याला बंधन नाही.

वहिनी : कागदावर नाही. आता तारखा मोजा. सनद मिळाल्यावर परीक्षा पास व्हायला दोन वर्षं मिळतात, तोवर वकिली करता येते. अठरावी झाली १० डिसेंबर २०२३ ला. एकोणिसावी २२ डिसेंबर २०२४ ला. विसावी आज. माझी दोन वर्षं येत्या फेब्रुवारीत संपतात. दोन वर्षांत माझ्या वाट्याला आल्या दोन संधी, त्यातली एक गेली. आज हुकली असेल तर फेब्रुवारीनंतर मला कोर्टात उभं राहता येणार नाही. आणि ह्या दोन वर्षांत मी काय रिकामी बसले होते? उल्हासनगरच्या कोर्टात रोज जाते. मे २०२५ मध्ये सरन्यायाधीश गवई साहेबांच्या खंडपीठाने न्यायाधीश व्हायला तीन वर्षांची वकिली सक्तीची केली, तेव्हा ती तीन वर्षं तात्पुरत्या नोंदणीपासून मोजा असंच म्हटलं. म्हणजे माझी ही वकिली खरी वकिली आहे, हे सर्वोच्च न्यायालयालाही मान्य आहे.

तारखांचा हा हिशेब मी नंतर कॅलेंडर घेऊन पडताळला. बरोबर आहे. ह्या दोन वर्षांत वर्षाला एकच परीक्षा, तीही एकदा बारा महिन्यांहून लांबलेली, आणि मुदत दोन वर्षांची. असा नियम करणाऱ्यांना पोटासाठी वकिली करणारा माणूस आठवला नसावा.

वकीलकाका : बरं, मग काय करायचं म्हणतेस? परीक्षा बंद? २०२१ पर्यंत पुस्तकं, नोट्स, गाईड, सगळं घेऊन बसत होते. सोळाव्या परीक्षेपासून ते थांबवलं. परीक्षेचा अधिकारच बार कौन्सिलला नाही म्हणून लोक सुप्रीम कोर्टात गेले होते. १० फेब्रुवारी २०२३ ला पाच न्यायमूर्तींनी एकमताने सांगितलं, अधिकार आहे. त्या पाचांत आपले ओक साहेब होते. ठाण्याच्या जिल्हा कोर्टात वडिलांच्या हाताखाली वकिली सुरू केलेला माणूस. तालुक्यातला वकील कसा घडतो ते त्यांना कोणी सांगायला नको.

वहिनी : वडिलांच्या हाताखाली, काका. तेच तर म्हणतेय मी.

वकीलकाका : हं.

वहिनी : आणि तो खटला सुरू कुठून झाला? भोपाळच्या एका कॉलेजच्या मान्यतेवरून. म्हणजे मूळ दुखणं कॉलेजांचं होतं. कोर्टाने समिती नेमली. समितीने दोन गोष्टी सुचवल्या, बार परीक्षा आणि सक्तीची उमेदवारी. ६ मार्च २०११ ला पहिली परीक्षा झाली. उमेदवारी अजून यायची आहे!

वकीलकाका : थांब, हा इतिहास मला तुझ्यापेक्षा जास्त ठाऊक आहे. १९६१ च्या ॲडव्होकेट्स ॲक्टमध्ये मुळात दोन्ही होतं, प्रशिक्षण आणि त्यानंतर परीक्षा. १९७३ च्या दुरुस्तीने काढून टाकलं. म्हणून आम्ही सुटलो. १९९५ मध्ये बार कौन्सिलने वर्षभराच्या प्रशिक्षणाचा नियम केला. १९९९ मध्ये सुधीर खटल्यात सुप्रीम कोर्टाने तो उडवला, कायद्यात तसा अधिकार नाही म्हणून. आणि २०२३ च्या निकालात सुधीरचा तो निर्णयच चुकीचा ठरवला.

वहिनी : म्हणजे आता प्रशिक्षण सक्तीचं करायला कायद्याची आडकाठी नाही.

वकीलकाका : नाही. कबूल. पावणेतीन वर्षं झाली, आडकाठी नाही.

वहिनी : मग आली फक्त परीक्षाच का? कारण परीक्षा घ्यायला सोपी. फी गोळा करा, हॉल घ्या, यंत्रातून कागद काढा. उमेदवारी द्यायची तर सीनिअर हवा, त्याने वेळ द्यायला हवा, आणि पैसे द्यायला हवेत. तुमच्या ज्युनिअरला तुम्ही किती देता?

हा प्रश्न घरात बसून विचारण्यासारखा नव्हता. पण तो विचारला गेला हे बरं झालं.

वकीलकाका : सहा हजार. आणि जेवण. माझ्या सीनिअरने मला काही दिलं नव्हतं.

वहिनी : ऑक्टोबर २०२४ मध्ये बार कौन्सिलनेच पत्रक काढलंय. शहरात किमान वीस हजार, ग्रामीण भागात पंधरा हजार द्यावेत.

वकीलकाका : शिफारस आहे ती. सक्ती नाही. आणि कल्याण, उल्हासनगरच्या वकिलाची कमाई काय असते ते तू रोज बघतेस. वीस हजार द्यायचे तर माझ्यासारखा ज्युनिअर ठेवणारच नाही.

वहिनी : मग ज्यांच्या घरी आधीपासून वकील आहे तेवढेच वकील होतील. आज केंद्रावर माझ्या रांगेत कोण होतं सांगू? पोलिसातून निवृत्त झालेले एक हवालदार. उल्हासनगरच्या कॅम्प पाचमध्ये कापडाचं दुकान असलेला सिंधी मुलगा, घराण्यातला पहिला वकील. बदलापूरची एक मुलगी, तिचं तान्हं बाळ घेऊन नवरा गेटबाहेर उभा. बँकेची नोकरी सोडून आलेला एकजण. ह्या वयाची, ह्या परिस्थितीतली माणसं. २०२२ मध्ये संसदेत सांगितलं होतं की देशातल्या वकिलांत बायका पंधरा टक्क्यांच्या आसपास आहेत. आज माझ्या हॉलमध्ये पाहिलं तर निम्म्या बायका होत्या. त्यातल्या किती पास होतील, किती पहिल्या खेपेला, किती मराठीतून? आणि नापास होतील त्या अभ्यासात कमी पडल्या की वेळात?

वकीलकाका : हे आकडे मिळायला हवेत. मलाही हवेत, पण माझं कारण वेगळं आहे. कोणत्या कॉलेजची किती मुलं नापास होतात ते मला बघायचंय. तीन वर्षं फी घेऊन, हजेरी लावून, पंचेचाळीस गुणांपुरताही कायदा ज्यांनी शिकवला नाही, त्यांची नावं भिंतीवर लागली पाहिजेत. अमेरिकेत कॅलिफोर्नियाचं बार दर परीक्षेनंतर असा तक्ता छापतं. कोणत्या कॉलेजचे किती बसले, किती पास, पहिल्यांदा बसणारे किती, पुन्हा बसणारे किती, बायका किती, कोणत्या समाजाचे किती. आपल्याकडे उमेदवाराला त्याचा निकाल, आणि वर्तमानपत्राला एक आकडा.

इथे दोघांचं जमलं. वाटा उलट्या होत्या. काका अजूनही परीक्षेच्या बाजूचे आहेत, रेघ साठावर न्या म्हणतात. वहिनी अजूनही म्हणतात की वकील परीक्षेने घडत नाही. त्यावर त्यांचं एकमत होणार नाही, आणि ते व्हावं असा माझा आग्रहही नाही. पण ‘उत्तीर्ण इतके टक्के’ हा एकटा आकडा कोणाच्याच कामाचा नाही, हे दोघांनाही पटलं.

मी वकील नाही. पण ह्या पट्ट्यात राहून वकिलाची गरज काय असते ते पाहिलं आहे. उल्हासनगरातल्या अनधिकृत इमारतींवर हायकोर्टाचे आदेश निघाले, त्या नियमित करण्यासाठी २००६ मध्ये सरकारला वेगळा कायदा आणावा लागला, आणि त्या काळात तिथल्या किती घरांनी हातातला कागद कोणाला दाखवावा ह्या चिंतेत रात्री काढल्या. मोहोन्याची एनआरसी कंपनी २००९ मध्ये बंद पडली. कामगारांच्या देण्यांचा प्रश्न पुढे कंपनी कायदा लवादापर्यंत गेला. असे कागद मोठ्या फर्मचे वकील वाचायला येत नाहीत. ते वाचतो कॅम्पातला, शहाडचा, बदलापूरचा वकील, जो त्याच लोकलने जातो आणि ज्याची फी हप्त्याने देता येते. अंबरनाथ-बदलापूरच्या माणसाला साध्या तारखेसाठी उल्हासनगर गाठावं लागायचं. आता चिखलोली-अंबरनाथला न्यायालय झालं. त्या न्यायालयात उभे राहणारे वकील कुठून येणार? त्या दिवशी हॉलमध्ये बसलेल्यांतूनच.

नाशिकला जन्मलेल्या कॉर्नेलिया सोराबजींची मला इथे आठवण होते. त्यांनी १८९७ मध्ये मुंबई विद्यापीठाची एलएल.बी. परीक्षा दिली, १८९९ मध्ये अलाहाबाद हायकोर्टाची वकिलीची परीक्षा दिली, दोन्ही उत्तीर्ण झाल्या, तरी बाई म्हणून सनद मिळाली नाही. त्यासाठी १९२३ चा कायदा यावा लागला. त्यांच्या वेळी परीक्षा पास होऊनही दार बंद होतं. आज दार उघडं आहे हे खरं, पण आत येणाऱ्याला हात धरून चार पावलं चालवणारं कोणी नाही.

उठताना काकांनी वहिनींना विचारलं, “मंगळवारी माझ्या मॅटरमध्ये उलटतपासणी आहे. कल्याणला येशील? नुसती बघायला नको, दोन साक्षीदारांचे प्रश्न तू काढून आण.” वहिनी म्हणाल्या, “येईन. पण काका, प्रवासखर्च?” काकांनी मान डोलावली, आणि आकडा मंगळवारी ठरवू म्हणाले.

कल्याण, उल्हासनगर आणि अंबरनाथच्या वकील संघटनांना माझी विनंती आहे. विसाव्या परीक्षेचा निकाल कॉलेजवार, भाषावार, वयोगटवार आणि पहिली-दुसरी खेप वेगळी दाखवून जाहीर करावा, परीक्षा वर्षातून दोनदा घ्यावी, आणि प्रशिक्षणाचा नियम आता आणावा, अशी लेखी मागणी त्यांनी बार कौन्सिलकडे करावी. मसुदा काका लिहून देणार आहेत. पहिली सही वहिनींची असेल. फेब्रुवारीपर्यंत त्या वकील आहेत.